केबलशिवाय मार्च मॅडनेस
मार्च मॅडनेस या अमेरिकेतील पुरुषांच्या कॉलेज बास्केटबॉल स्पर्धेतले ६८ संघांचे ६७ सामने सीबीएस, टीबीएस, टीएनटी आणि ट्रूटीव्ही या चार वाहिन्यांवर विभागलेले असतात, म्हणून वर्गणी भरण्याआधी आपल्या संघाचा सामना कोणत्या वाहिनीवर आहे, ते पाहून घ्यावे. सीबीएससाठी खिडकीला लावलेला साधा अँटेना बहुतेक शहरांत पुरतो आणि त्याला दरमहा काही पडत नाही. माझ्या मते सुरुवात तिथूनच करावी. मात्र सम वर्षांत अंतिम सामना टीबीएसकडे असतो, तेव्हा त्या सामन्यासाठी अँटेनाचा उपयोग नाही. चारही वाहिन्या हव्या असल्यास इंटरनेटवरून वाहिन्या दाखवणारे, मासिक वर्गणीचे यूट्यूब टीव्ही घ्यावे आणि स्पर्धा जेमतेम तीन आठवड्यांची असल्यामुळे, पुढच्या महिन्याचे पैसे कापले जाण्याआधी आठवणीने बंद करावे. महिलांचे सामने ईएसपीएन आणि एबीसीवर असतात; तेही चुकवू नयेत.