विमा कंपनी अपिलात गेली तर

प्रिय,

अपघातात जखमी झालेल्या तुझ्या पक्षकाराला ट्रायब्युनलने (मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने) भरपाईचा निवाडा, म्हणजे अवॉर्ड दिला; त्यावर विमा कंपनीने मोटार वाहन कायद्याच्या कलम 173 खाली हायकोर्टात अपील केलं म्हणून तो खचला असेल. त्याला आधी एवढं समजाव की, अपील दाखल झाल्याने पैसे आपोआप अडत नाहीत. दाखल करताना कंपनीला 25,000 रुपये किंवा अवॉर्डची निम्मी रक्कम, यांतली कमी असेल ती भरावी लागते. वसुली थांबवायला स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती देताना हायकोर्ट बहुधा व्याजासह रक्कम जमा करायला लावतं. त्यातून पैसे काढण्याचा अर्ज लगेच टाक. पुढच्या शस्त्रक्रियेचा अंदाजी खर्च, औषधांची बिलं, घरात कमावतं कोण, हे सगळं प्रतिज्ञापत्रात येऊ दे. प्रथम अपिलं वर्षानुवर्षं पडून राहतात, जखमी माणसाचा खर्च मात्र थांबत नाही.

आता अपिलाचा मेमो, म्हणजे कंपनीने अपिलाची कारणं मांडलेला कागद, नीट वाच. जखमीच्या दाव्यात खरी झुंज अपंगत्वाच्या टक्क्यावर होते. दाखल्यावर ‘डाव्या पायाचं 45 टक्के’ असतं, ट्रायब्युनल तेच पूर्ण शरीराचं धरतं आणि कंपनी नेमकं तिथे बोट ठेवते. तेवढ्यापुरतं तिचं बरोबरच असतं. सुप्रीम कोर्टाच्या राजकुमार विरुद्ध अजयकुमार (2011) निकालानुसार पाहायचं ते कमाईची क्षमता किती घटली हे. डावा हात गेला तर ड्रायव्हरचा किंवा सुताराचा धंदाच बुडतो, कारकुनाची नोकरी टिकू शकते. म्हणून ज्याने उपचार केले किंवा तपासून टक्का ठरवला, त्या डॉक्टरची साक्ष रेकॉर्डवर आहे का ते आधी शोध. नुसता दाखला निशाणीवर असेल, म्हणजे पुराव्यात नोंदलेला असेल, तर प्रकरण फेरसुनावणीला परत जाण्याचा धोका असतो. पुढच्या दाव्यांत ही साक्ष खालच्याच कोर्टात पक्की करून घे.

बचाव करताना अवॉर्डमध्ये काय राहून गेलं तेही तपास. समज, 34 वर्षांचा गवंडी, महिना 15,000 कमाई, कमाईची क्षमता 30 टक्के घटलेली. ट्रायब्युनलने वर्षाच्या नुकसानीला 16 चा गुणक (वयावरून ठरणारा आकडा) लावून 8,64,000 दिले. कमाईत भविष्यात होणाऱ्या वाढीचे 40 टक्के मात्र धरलेच नाहीत. प्रणय सेठी (2017) निकालात चाळिशीच्या आतल्या स्वयंरोजगारवाल्याला ते मिळतात, आणि पप्पू देव यादव (2020) निकालाने ते जखमींनाही लागू आहेत. मग आकडा 12,09,600 होतो, म्हणजे 3,45,600 जास्त. वैयक्तिक खर्चाची वजावट मृत्यूच्या दाव्यात असते, इथे ती कुणाला करू देऊ नकोस.

पण हा फरक केवळ तोंडी युक्तिवादाने पदरात पडत नाही. रंजना प्रकाश (2011) निकाल सांगतो की, कंपनीच्या अपिलात तू आहे तो अवॉर्ड टिकवण्यासाठी अशी चूक दाखवू शकतोस, वाढीव रक्कम मागायची तर स्वतंत्र अपील किंवा क्रॉस ऑब्जेक्शन (कंपनीच्याच अपिलात आपण नोंदवायची उलट हरकत) हवं. क्रॉस ऑब्जेक्शनची मुदत नोटीस बजावल्यापासून एक महिना. उशीर माफ होऊ शकतो, पण त्या भरवशावर राहू नकोस. नोटीस पक्षकाराच्या हातात कोणत्या तारखेला पडली, ते आजच विचारून डायरीत लिहून ठेव.