'आणि' की 'किंवा'? आणि बिचारा 'पेक्षा'

प्रश्न असा आहे: 'क्ष < २ किंवा क्ष > ७' याची उकल मुलीनं शब्दांत '२ पेक्षा लहान आणि ७ पेक्षा मोठ्या संख्या' अशी लिहिली. तपासणाऱ्यांनी 'आणि'वर काट मारून वर 'किंवा' लिहिलं. मराठी म्हणून चूक कुणाची?

कुणाचीच नाही. मुलगी अनेक संख्यांबद्दल बोलते आहे, चिन्हं एकट्या क्षबद्दल. 'लाल आणि निळे फुगे आण' म्हटलं की आपण दोन्ही ढीग उचलतो. 'हा फुगा लाल आणि निळा आहे' म्हटलं की दोन्ही रंग एकाच फुग्यावर हवेत. अनेकवचनातला 'आणि' संयोग करतो, म्हणजे दोन्ही गट एकत्र आणतो; एकवचनातला छेद, म्हणजे दोन्हींत सामाईक तेवढंच ठेवतो. 'क्ष २ पेक्षा लहान आणि ७ पेक्षा मोठा' असा क्ष जन्मालाच यायचा नाही, संख्यारेषा कोरी राहील. तेव्हा उत्तर एकवचनात लिहावं आणि तिथे 'किंवा'च घालावा. झालं.

मला खरा राग येतो तो '५ पेक्षा मोठा किंवा समान' या वाक्याचा. '५ पेक्षा समान' हे कुठलं मराठी? समान असायचं ते पाचाशी किंवा पाचाच्या. 'क्ष ≥ ५' सरळ वाचा: 'क्ष पाच किंवा पाचापेक्षा मोठा', नाहीतर 'किमान पाच'. ज्या शब्दाची ही ओढाताण चालली आहे, तो इतका देखणा आहे की बास.

'पेक्षा' म्हणजे 'अपेक्षा'. अरण्याचं रान झालं, अरघट्टाचा रहाट झाला, तसा इथलाही आरंभीचा 'अ' गळला. अपेक्षा म्हणजे आधी आस नव्हे. 'ईक्ष्' म्हणजे पाहणं, त्यावरून एखाद्या गोष्टीकडे लक्ष ठेवून, तिच्या मानानं. 'सापेक्ष'मध्ये तोच अर्थ शाबूत आहे. म्हणजे '७ पेक्षा मोठा' हे 'साताच्या मानानं मोठा'. सातावर उभं राहून उजवीकडे पाहायचं! आणि पाहणारा स्वतःला दिसत नाही, म्हणूनच संख्यारेषेवर ७ वर पोकळ वर्तुळ, म्हणजे ७ स्वतः उत्तरात नाही. (हे शेवटचं माझं. व्याकरणात शोधू नका.)

शुद्धतेचे कैवारी यावर म्हणतात, 'पेक्षा' कशाला, अस्सल मराठी 'हून' वापरा. वापरा की! पण 'अस्सल' या शब्दाचं मूळ अरबी आहे, हे तेवढं ध्यानात असू द्या. शिवाय 'हून'ही माझ्याच बाजूनं साक्ष देतो. ऊन, हून हे पंचमीचे प्रत्यय, आणि पंचमीचा मुख्य अर्थ अपादान, म्हणजे एखाद्या ठिकाणापासून दूर होणं. 'घराहून निघालो' म्हणजे घर मागे पडलं. 'साताहून मोठा' म्हणजे सात मागे पडला. पोकळ वर्तुळ पुन्हा तिथेच!

आता '३क्ष − १ ≤ ५ किंवा २क्ष + १ > १५' घ्या. पहिल्यातून क्ष ≤ २, दुसऱ्यातून क्ष > ७. २ वर भरीव ठिपका (२ स्वतः उत्तरात आहे) आणि बाण डावीकडे, ७ वर पोकळ वर्तुळ आणि बाण उजवीकडे. वाचायचं असं: 'क्ष दोन किंवा दोनाहून लहान, नाहीतर साताहून मोठा.' मधला सांधा मी मुद्दाम 'नाहीतर' केला. एका वाक्यात दोन 'किंवा' आले की कोणता चिन्हाच्या पोटातला आणि कोणता दोन अटींमधला, हे ऐकणाऱ्याला कळत नाही.