काळातला बिघाड समांतर विश्वांत पसरतो, हे विज्ञानकथेत पटेल असं कसं मांडावं?

‘लाटा पसरल्या’ एवढ्यावर भागत नाही. त्या कुठल्या फटीतून जातात ते आधी ठरवा. भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेटच्या 1957च्या मांडणीत क्वांटम घटनेच्या प्रत्येक शक्यतेसाठी विश्वाची वेगळी शाखा फुटते. त्यात क्वांटम समीकरण रेषीय आहे, म्हणजे एकत्र असलेल्या शक्यता आपापल्या वाटेने स्वतंत्रपणे पुढे सरकतात, म्हणून एकदा फुटलेल्या शाखा एकमेकींना हात लावत नाहीत. बहुतेक कथा इथेच फसतात.

तेव्हा रेषीयताच किंचित मोडा. भौतिकशास्त्रज्ञ स्टीव्हन वाइनबर्ग यांनी 1989मध्ये अरेषीय क्वांटम सिद्धांत मांडला. त्यात एकतर प्रकाशाहून वेगाने निरोप जाईल किंवा शाखाशाखांत संवाद होईल, हे जोसेफ पोल्चिन्स्की यांनी 1991मध्ये दाखवलं. दुसऱ्या शक्यतेचं नाव ‘एव्हरेट फोन’. तुमचं यंत्र हेच! बेरिलियम आयनांवरच्या (विद्युतभारित अणूंवरच्या) प्रयोगांत अशी अरेषीयता दिसली नाही, म्हणून ती अतिसूक्ष्म ठेवा.

धक्का किती ओसरला हे मैलांत मोजू नका, शाखा कधी फुटली त्यावरून ठरवा. क्षणापूर्वी फुटलेल्या विश्वात घड्याळं चुकतील, शतकापूर्वीच्या विश्वात पानही हलणार नाही. हा नियम कल्पित आहे, पण एकदा घातला की शेवटच्या प्रकरणातही पाळा.

भूतकाळात जाऊन आजोबांना मारलं तर मारणारा जन्मेलच कसा, हा पेच भौतिकशास्त्रज्ञ डेव्हिड डॉइच यांच्या 1991च्या प्रारूपाने सुटतो: प्रवासी उतरतो दुसऱ्याच शाखेत.