गोमुख दरवर्षी मागे सरकतंय म्हणतात. मग गंगा आटणार का? आईबाबांना आत्ताच दाखवून आणावं का?

आधी थोडक्यात सांगतो. गोमुख, म्हणजे गंगोत्री हिमनदीचं खालचं टोक, मागे सरकतंय हे खरं आहे. गंगा आटणार ही भीती ज्या पद्धतीने सांगितली जाते तशी खरी नाही. आईबाबांना जरूर न्या, पण गंगोत्रीपर्यंत. पुढचं त्यांची तब्येत बघून ठरवा. मी पुण्याचा, ट्रेकिंगच्या निमित्ताने त्या भागात माझं बऱ्याच वर्षांपासून येणंजाणं आहे आणि या विषयावर जे हाती लागेल ते मी वाचत असतो. त्यामुळे जरा सविस्तर लिहितो.

गंगोत्री हिमनदी साधारण 30 किलोमीटर लांब आहे. चौखंबाच्या शिखरांखाली ती सुरू होते आणि समुद्रसपाटीपासून सुमारे 4000 मीटरवर संपते. तिथे बर्फाच्या कड्याखालून भागीरथी बाहेर पडते, तेच गोमुख. 1935 साली भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या जॉन ऑडेन यांनी या टोकाचा नीट नकाशा केला. तेव्हापासूनचा हिशोब केला तर ते सरासरी वर्षाला 20 मीटरच्या आसपास मागे गेलंय. म्हणजे ऑडेन यांच्या वेळच्या जागेपासून आज ते दीड किलोमीटरहून जास्त आत आहे. गोमुखाच्या वाटेवरचा मुक्काम भोजबासा, तिथून पुढे जाताना वाटेतल्या काही खडकांवर सालं रंगवलेली दिसतात. त्या साली बर्फाचं टोक इथवर होतं, असा त्याचा अर्थ.

तरीही माझं म्हणणं असं, की "किती मीटर मागे गेलं" या एका आकड्यावर फार भिस्त ठेवू नका. एवढी मोठी हिमनदी हवामानातल्या बदलाला लगेच दाद देत नाही, तिला काही दशकं लागतात. शिवाय तिचा खालचा भाग दगडमातीने झाकलेला आहे. हा थर जाड असेल तर खालच्या बर्फाला ऊन लागत नाही आणि टोक काही वर्षं जवळपास जागच्या जागी राहू शकतं. असं झालं की "हिमनदी सावरली" अशी बातमी फिरते. त्याच काळात वरून बर्फ झिजतच असतो. विचारायचं ते हे, की बर्फ किती पातळ झाला?

हे बघायला उपकरण लागत नाही. गोमुखाच्या वर तपोवन नावाचं कुरण आहे, तिकडे जाण्याची जुनी वाट हिमनदी ओलांडून जाते. पहिल्यांदा जाणाऱ्याला आपण हिमनदीवर आहोत हे पटतच नाही, कारण पांढरं असं काही दिसत नाही. सगळीकडे करडे दगड, वाळू, मधूनच एखादं गढूळ तळं. एखाद्या फटीत डोकावलं की निळसर काळपट बर्फ दिसतो आणि आतून पाणी ठिबकल्याचा आवाज येतो. त्या पसाऱ्यात उभं राहून बाजूला मान वर करून बघा. दोन्ही काठांना माती आणि दगडांची उघडी, उभी भिंत आहे. तिच्यावर झुडूपसुद्धा नाही. मे महिन्यात खडकवासल्याचं पाणी उतरल्यावर काठाला जो उघडा पट्टा राहतो, तसाच हा पट्टा, फक्त बर्फाचा. पूर्वी बर्फ त्या भिंतीच्या वरच्या धारेपर्यंत होता. आधाराला बर्फ राहिला नाही म्हणून त्या भिंतीतून दिवसभर दगड सुटत असतात. तिच्या पायथ्याशी विश्रांतीला बसू नका.

बाजूच्या खोऱ्यांतही तेच चाललंय. रक्तवर्ण आणि चतुरंगी बामक (गढवालात हिमनदीला बामक म्हणतात) पूर्वी मुख्य प्रवाहाला येऊन मिळायचे. आता ते तुटलेत. म्हणजे मुख्य हिमनदीला बाजूने मिळणारी भरच थांबली. ही गोष्ट मला गोमुखाच्या मीटरांपेक्षा जास्त गंभीर वाटते.

शास्त्रज्ञ हा जमाखर्च कसा मांडतात ते सांगतो, कारण पद्धत अगदी साधी आणि कष्टाची आहे. बर्फात खोल भोकं पाडून त्यात बांबूच्या लांब काठ्या रोवतात. उन्हाळा संपला की काठी किती उघडी पडली ते मोजतात, तो खर्च. वरच्या भागात खड्डा खणून वर्षभरात साचलेलं हिम मोजतात, ती जमा. आपल्या गोव्यात वास्कोला जी राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन संस्था आहे, तिने 2016 साली स्पितीत 4000 मीटरच्या वर 'हिमांश' नावाचं केंद्र उभारलं. तिथली माणसं हिमाचलातल्या चंद्रा खोऱ्यातल्या हिमनद्यांवर हेच काम करतात. त्याच खोऱ्यातल्या छोटा शिग्री हिमनदीची मोजणी 2002 पासून चालू आहे आणि बहुतेक वर्षी हिशोब तोट्यातच निघालाय.

कारण एकच नाही. तापमान वाढलंय हे मुख्य. त्यातून दुसरी गोष्ट होते: जिथे हिम पडायचं तिथे आता बऱ्याचदा पाऊस पडतो, आणि पाऊस बर्फात भर घालत नाही, उलट तो वितळवतो. तिसरी गोष्ट काजळीची. डेहराडूनच्या वाडिया हिमालय भूविज्ञान संस्थेने गोमुखाच्या वाटेवर चिरबासा आणि भोजबासा इथे हवेतली काजळी मोजणारी यंत्रं बसवली आहेत. उत्तराखंडात उन्हाळ्यात चीडाच्या (पाइनच्या) जंगलांना वणवे लागतात, तेव्हा तिथलं प्रमाण वाढतं. काजळी हिमावर बसली की ते ऊन परत फेकण्याऐवजी शोषून घेतं.

आता "2035 पर्यंत हिमालयातल्या सगळ्या हिमनद्या संपणार" या वाक्याबद्दल. ते तुम्हीही कुठेतरी वाचलं असेल. हवामानबदलावरच्या आंतरसरकारी समितीच्या, म्हणजे आयपीसीसीच्या 2007 च्या अहवालात ते होतं आणि ते चूक होतं. जानेवारी 2010 मध्ये समितीने तसं मान्य केलं. त्या एका चुकीमुळे आजही काही जण सगळंच थोतांड म्हणून उडवून लावतात, याचा मला मनापासून त्रास होतो. काठमांडूच्या इसिमोड संस्थेने 2019 साली हिंदुकुश-हिमालयाचा मोठा अभ्यास प्रसिद्ध केला. तापमानवाढ दीड अंशावर रोखली तरी या शतकाअखेर इथल्या हिमनद्यांचा एक तृतीयांश बर्फ जाईल आणि उत्सर्जन असंच चालू राहिलं तर दोन तृतीयांश, असं तो सांगतो. त्याच संस्थेच्या 2023 च्या अहवालाप्रमाणे 2011 ते 2020 या दशकात बर्फ आधीच्या दशकापेक्षा 65 टक्के जास्त वेगाने गेला. 2035 चा आकडा खोटा ठरल्याने यातलं काहीच हलकं होत नाही.

मग गंगेचं काय? गोमुखाजवळ उन्हाळ्यात वाहणारं जवळपास सगळं पाणी हिम आणि बर्फ वितळूनच येतं. देवप्रयागला भागीरथीला अलकनंदा मिळते आणि तिथून ती गंगा म्हणवते, पुढे यमुना, घागरा, गंडक, कोसी येतात. मैदानात गंगा मुख्यतः पावसावर आणि भूजलावर चालते. काशीच्या घाटावरून वाहणाऱ्या वर्षभराच्या पाण्यात बर्फाचा वाटा अगदी थोडा असतो. म्हणून गंगा कोरडी पडणार नाही. मात्र एप्रिल ते जून, पाऊस यायच्या आधी, डोंगरातल्या गावांना बर्फाच्याच पाण्याचा आधार असतो. सध्या वितळणं वाढल्यामुळे पाणीही वाढू शकतं. अंदाज असा आहे, की शतकाच्या मध्याच्या सुमारास हे पाणी सर्वात जास्त होईल आणि मग घटत जाईल. तो फटका उत्तरकाशीकडच्या शेतकऱ्याला आधी बसेल, ज्याचा या तापमानवाढीत वाटा नगण्य आहे.

याहून जवळचा धोका वेगळाच आहे. बर्फ मागे हटला की सैल दगडमातीचे ढीग आणि त्यांच्यामागे साठलेली तळी उरतात. जून 2013 मध्ये केदारनाथच्या वरचं चोराबारी तळं अतिवृष्टीत फुटलं. फेब्रुवारी 2021 मध्ये चमोलीत रोंती शिखराचा कडा बर्फासकट कोसळला आणि ऋषीगंगा आणि धौलीगंगेच्या खोऱ्यांत दोनशेहून जास्त माणसं गेली किंवा बेपत्ता झाली. 5 ऑगस्ट 2025 ला गंगोत्रीच्याच रस्त्यावर धराली गावात खीरगाड नाल्यातून चिखलाचा लोंढा आला आणि बाजारपेठ काही क्षणांत गाडली गेली. महाराष्ट्रातलेही बरेच पर्यटक तेव्हा तिकडे अडकले होते. धरालीची हॉटेलं त्याच नाल्याने पूर्वी आणून टाकलेल्या गाळावर उभी होती. गोमुख ते उत्तरकाशी हा भागीरथीचा पट्टा 2012 पासून पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील म्हणून जाहीर आहे. तरी तिथे नदीला खेटून बांधकामं होतात, हे बघून संताप येतो.

तुमच्या सहलीबद्दल. गंगोत्री मंदिर सुमारे 3100 मीटरवर आहे आणि गाडी जवळपर्यंत जाते. तिथून गोमुख 18 किलोमीटर, सगळं पायी. वनखात्याचा परवाना लागतो आणि रोज ठरावीक लोकांनाच सोडतात. आईबाबांना आधी एक-दोन रात्री वाटेत, गंगोत्रीच्या खालच्या हर्षिलला ठेवा, म्हणजे विरळ हवेची सवय होईल. जुलै-ऑगस्ट टाळा. मे अखेर किंवा सप्टेंबर अखेरनंतरचे दिवस बरे. तुम्ही स्वतः गोमुखाला गेलात तर कड्याच्या तोंडाशी जाऊ नका, तिथे बर्फाचे मोठाले तुकडे अचानक कोसळतात. आणि हॉटेल बुक करताना नकाशा उघडून बघा. नाल्याच्या तोंडावर किंवा अगदी पात्राकाठी असेल, तर खोलीतून नदी कितीही छान दिसत असो, दुसरं शोधा.