आर्चडीकनसाहेब नेमके कोण?

प्रश्न : माझे आजोबा पुण्याजवळच्या एका मिशन शाळेत मास्तर होते. त्यांच्या ट्रंकेत एक पत्र सापडलं. त्यात लिहिलं आहे, "आर्चडीकनसाहेब येऊन गेले. नोंदवह्या पाहिल्या, देवळाचं छप्पर पाहिलं, प्रभुभोजनाचा प्याला मागवून घेतला. सगळे धास्तावले होते." हे बिशपच का? डीकन तर पाळकाहूनही खालचा, मग एवढा दरारा कसला? आणि हे पद आज आहे का?
– एक वाचक, फातिमानगर

उत्तर : आपलं पत्र वाचून फार आनंद झाला. आजोबांनी लिहिलेल्या तिन्ही गोष्टी, म्हणजे वह्या, छप्पर आणि प्याला, आर्चडीकनच्या खास कामातल्या आहेत. ते बिशप नव्हते, तर बिशपच्या वतीने मंडळ्यांवर देखरेख करणारे वरिष्ठ पाळक होते. जुन्या काळापासून त्यांना 'बिशपचे डोळे' म्हणत आले आहेत.

आरंभीच्या ख्रिस्ती मंडळीत (चर्चमध्ये) बिशपच्या हाताखालचा मुख्य डीकन पैसा आणि गोरगरिबांची मदत सांभाळी. रोममध्ये 258 साली हुतात्मा झालेले संत लॉरेन्स याच कामावर होते. ज्याच्या हाती तिजोरी, त्याच्या हाती हळूहळू कारभारही आला. पुढे हे पद पाळकांनाच मिळू लागलं, नावात डीकन तेवढा राहिला. इंग्लंडात नॉर्मन राजवटीनंतर प्रत्येक आर्चडीकनला ठरावीक मुलूख मिळाला आणि त्याचं स्वतःचं न्यायालयही असे. लोकांची मृत्युपत्रं, व्यभिचाराच्या तक्रारी, देवळाच्या पडक्या भिंती, सगळं त्याच्यासमोर येई. मृत्युपत्रांचं काम 1857 च्या कायद्याने गेलं, भिंतींचं मात्र अजून आहे.

आता आपल्याकडचं. 1813 च्या सनदी कायद्याने ईस्ट इंडिया कंपनीच्या मुलखासाठी एक बिशप आणि तीन आर्चडीकन मंजूर झाले. बिशप कलकत्त्याला, आर्चडीकन कलकत्ता, मद्रास आणि मुंबईला. पगार बिशपला वर्षाला 5000 पौंड, आर्चडीकनला 2000. बिशपचा धर्मप्रांत म्हणजे कंपनीचा सारा मुलूख. 1824 मध्ये ऑस्ट्रेलियातल्या न्यू साउथ वेल्ससाठी आर्चडीकन नेमला, तोही कलकत्त्याच्याच बिशपच्या हाताखाली! एवढ्या मुलखात बिशप पोचणार कसा? म्हणून मुंबई इलाख्यात खरी देखरेख आर्चडीकनचीच.

जॉर्ज बार्न्स हे मुंबईचे पहिले आर्चडीकन. ते 1814 मध्ये आले तेव्हा पुण्यात दुसरा बाजीराव गादीवर होता. पेशवाई 1818 मध्ये संपली, कॅम्प (लष्करी छावणी) वसला, आणि इथल्या पलटणींचे पाद्रीही त्यांच्या नजरेखाली आले. 1815 मध्ये त्यांनी बॉम्बे एज्युकेशन सोसायटी काढली. देवळालीच्या बार्न्स स्कूलला त्यांचंच नाव आहे. या माणसाचं मला मनापासून कौतुक वाटतं. तपासणीला आलेला अधिकारी तपासून परत जातो. यांनी पोरक्या आणि गरीब मुलांसाठी शाळा उभी केली.

पण अधिकाराला मर्यादा होती. दृढीकरण (बाप्तिस्मा झालेल्यांना मंडळीत पक्कं करण्याचा विधी), पाळकांची दीक्षा आणि देवळाचं समर्पण बिशपच करू शके. कॅम्पातल्या सेंट मेरीज चर्चच्या समर्पणासाठी 1825 मध्ये कलकत्त्याचे बिशप हेबर यांना यावं लागलं. मुंबईला स्वतःचा बिशप मिळाला तो 1837 मध्ये, थॉमस कार. ते आधी मुंबईचेच आर्चडीकन होते.

दराऱ्याचं कारण सोपं आहे. जमाबंदीला आलेल्या प्रांतसाहेबाने दप्तर उघडायला लावावं, तसा आर्चडीकन मंडळीचं दप्तर उघडायला लावी. बाप्तिस्मा, लग्न, दफन यांच्या नोंदी वेळच्या वेळी झाल्यात का? चांदीचा प्याला यादीप्रमाणे जागेवर आहे का? छप्पर गळतंय तर खर्च कोण करणार? पाळकाचं प्रवचन कितीही गोड असो, वही कोरी असली तर उत्तर द्यावं लागे.

मी स्वतः मंडळीच्या वह्या अनेक वर्षं सांभाळल्या आहेत, म्हणून कळकळीने सांगतो, ही तपासणी जाचक वाटली तरी आपल्या लोकांवर तिचे उपकार आहेत. गावाने वाळीत टाकलेल्या, जमीनजुमला नसलेल्या कितीतरी कुटुंबांचं नाव, बापाचा धंदा आणि गाव पहिल्यांदा कागदावर आलं ते बाप्तिस्म्याच्या वहीत. कंपनीच्या पाद्र्यांच्या नोंदींच्या नकला लंडनलाही जात आणि आज त्या ब्रिटिश लायब्ररीत आहेत; त्यांत मुख्यतः युरोपीय आणि अँग्लो-इंडियन कुटुंबं सापडतात. आपल्या माणसांचा शोध मात्र इथल्या देवळाच्या कपाटातच घ्यायला हवा. त्या वह्यांना वाळवी लागू देणं मला सहन होत नाही.

आज हे पद इंग्लंडात जोमात आहे. आर्चडीकन देवळांच्या इमारती पाहतो, चर्चवॉर्डनना (देवळाचा कारभार पाहणाऱ्या सभासदांना) दरवर्षी पदावर घेतो. 1996 मध्ये ज्युडिथ रोझ तिथल्या पहिल्या स्त्री आर्चडीकन झाल्या. आपली अँग्लिकन मंडळी, म्हणजे इंग्लंडच्या चर्चची इथली शाखा, 1930 मध्ये इंग्लंडपासून कायद्याने वेगळी झाली आणि 29 नोव्हेंबर 1970 ला नागपुरात उत्तर भारतीय मंडळीत (चर्च ऑफ नॉर्थ इंडिया) सामील झाली. तिथे सेवेच्या पायऱ्या तीन : बिशप, प्रेस्बिटर (पाळक) आणि डीकन. त्यांत आर्चडीकन नाही.

आजोबांच्या पत्रावर साल असेल तर क्रॉकफर्डच्या पाद्री-सूचीचा त्या सुमाराचा खंड पाहा. मुंबईच्या आर्चडीकनचं नाव त्यात मिळेल. आणि पत्र प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवू नका. आम्लविरहित कागदात गुंडाळून कोरड्या जागी ठेवा.