साताऱ्यात राहून ताऱ्यांवरून आपली जागा काढायला शिकता येईल का?

तुम्ही विचारलंय की साताऱ्यात ना समुद्र, ना हाताशी सेक्स्टंट (तारा-सूर्याची क्षितिजापासूनची उंची मोजायचं नाविकांचं उपकरण), मग ताऱ्यांवरून आपण कुठे आहोत हे काढायला शिकायचं कसं. गच्चीवर शिकायचं. मी बरीच वर्षं मालवाहू जहाजावर होतो, आता साताऱ्यातच असतो. गेल्या उन्हाळ्यात पुतणीला याचा गाभा शिकवला तो कंपासपेटीतल्या कोनमापकावर.

सुरुवात ध्रुवताऱ्यापासून करा. तो क्षितिजापासून जितके अंश वर, साधारण तितकाच तुमचा अक्षांश. उत्तर ध्रुवावर तो डोक्यावर असतो, विषुववृत्तावर क्षितिजाला टेकतो. साताऱ्याचा अक्षांश सुमारे १७.७, म्हणजे हात लांब करून मुठीवर मूठ ठेवली (एक मूठ साधारण १० अंश) तर दोन मुठींच्या जरा खालीच. नवीन माणूस त्याला फार वर शोधतो आणि वैतागतो. सप्तर्षींच्या चौकोनात शेपटीपासून लांबच्या कडेला पुलह आणि क्रतू हे दोन तारे आहेत, त्यांतल्या पुलहापासून क्रतूकडे रेघ ओढा आणि तीच पुढे पाचपट न्या, सापडेल. अजिंक्यताऱ्यावरून बघाल तर उत्तरेला नेमके शहराचे दिवे येतात. त्यापेक्षा कासच्या रस्त्याला, यवतेश्वरच्या पुढे जा.

कोनमापकाच्या सरळ कडेला स्ट्रॉ चिकटवा, मध्यबिंदूतून दोरा ओवा, खाली एक नट बांधा. स्ट्रॉमधून तारा दिसला की दोरा ९० पासून जितका सरकला तितकी ताऱ्याची उंची. आपल्याकडच्या वाऱ्यात नट झुलतच राहतो. तो ठरला की दोरा बोटाने कोनमापकावर दाबून धरायचा आणि मगच बॅटरी लावून आकडा वाचायचा. पुतणीचे पाच आकडे आले १६, १८, १७, साडेसोळा, साडेसतरा. सरासरी १७. पोर हिरमुसली, कारण एक अंश म्हणजे ६० सागरी मैल, १११ किलोमीटर. १७ धरला तर आम्ही साताऱ्यात नव्हे, तासगावच्या रांगेत उभे होतो!

पण चूक सगळी तिची नव्हती. ध्रुवतारा खऱ्या ध्रुवबिंदूवर बसलेला नाही, पाऊण अंशाच्या आत बाजूला आहे आणि त्याच्याभोवती फिरतो. शर्मिष्ठा हा तारकासमूह त्याच्या वर असतो तेव्हा तो बिंदूच्या वर असतो, सप्तर्षी वर असतात तेव्हा खाली. मे महिन्यात संध्याकाळी सप्तर्षी वर, म्हणून उंची अर्धा अंश कमीच भरते. तेवढा मिळवला तर साडेसतरा. दहा रुपयांच्या कोनमापकावर हे फार चांगलं उत्तर आहे. जहाजावर हीच दुरुस्ती आम्ही ऑल्मनॅकच्या, म्हणजे नाविकांच्या वार्षिक पंचांगाच्या, कोष्टकातून घ्यायचो.

रेखांशाला घड्याळ लागतं. पृथ्वी ४ मिनिटांत एक अंश फिरते. आपली प्रमाणवेळ साडेब्याऐंशी रेखांशाची, सातारा ७४ वर. फरक साडेआठ अंश, म्हणजे ३४ मिनिटं. अंगणात काठी सरळ रोवा, भोवती दोरीने वर्तुळ काढा. सावलीचं टोक सकाळी वर्तुळाला टेकेल ती वेळ लिहा, दुपारी पुन्हा टेकेल ती लिहा. दोन्हींच्या मधली वेळ तुमची खरी मध्यान्ह. १५ एप्रिल किंवा २५ डिसेंबरच्या आसपास केलंत तर ती १२:३४ च्या जवळ यायला हवी. इतर दिवशी सूर्य घड्याळाच्या मागेपुढे असतो, नोव्हेंबरच्या सुरुवातीला तर सोळा मिनिटं पुढे.

तारे ओळखणं मात्र तुम्हाला वाटतं तितकं अवघड नाही. ऑल्मनॅकमध्ये नाविकांसाठी निवडलेले ५७ तारे असतात आणि त्यांत रोहिणी, मघा, चित्रा, स्वाती, ज्येष्ठा, श्रवण हे आपल्या पंचांगातले तारेही आहेत. घरात कुणा म्हाताऱ्या माणसाला नक्षत्रं पाठ असतील तर आधी त्यांच्याजवळ बसा.

सेक्स्टंट इतक्यात घेऊ नका. पुढे घेतलात तर समुद्राच्या क्षितिजाऐवजी ताटात तेल ओतून त्यातलं सूर्याचं प्रतिबिंब वापरता येतं. तेव्हा कोन दुप्पट मोजला जातो, त्याचा निम्मा करायचा. सेक्स्टंट साधारण १२० अंशांपर्यंतच मोजतो, त्यामुळे आपल्याकडे मध्यान्हीचा सूर्य असा मोजायला नोव्हेंबर ते फेब्रुवारीचा मध्य एवढाच काळ मिळतो. आणि सेक्स्टंटच्या दोन्हीकडच्या काळ्या काचा लावल्याशिवाय सूर्याकडे डोळा नेऊ नका, ताटातल्या सूर्याकडेसुद्धा.

डिसेंबरात काठी रोवलीत की दोन्ही वेळा इथे लिहा, आपण मिळून रेखांश काढू.