कूळ कायद्याच्या जमिनीची विक्री परवानगी दीड वर्ष अडकली आहे. मुंबईत राहून काय करता येईल?

आधी घरात 32म चं प्रमाणपत्र शोधा, म्हणजे कुळानं जमिनीची किंमत फेडून ती विकत घेतल्याचा कागद. तुमच्या सातबाऱ्यावर 'कलम 43 च्या बंधनास पात्र' असा शेरा आहे, आजोबांच्या काळातली जमीन आहे आणि प्रांताकडे (उपविभागीय अधिकाऱ्याकडे) परवानगीचा अर्ज दीड वर्ष पडून आहे, असं तुम्ही लिहिलंय. तसं असेल तर तुम्ही मागताय ती परवानगी तुम्हाला बहुधा लागतच नाही. मीही हाच घोळ घातला होता.

मी भांडुपला राहतो, जमीन राजापूर तालुक्यात. आजोबा कूळ होते. 1 एप्रिल 1957 च्या कृषक दिनाला कूळ कायद्यानं कसणाऱ्याला मालक मानलं, मग त्याच कायद्याच्या कलम 32ग खाली किंमत ठरली, ती आजोबांनी हप्त्याहप्त्यानं फेडली आणि 32म चा कागद हातात आला. मिळालेली जमीन पुन्हा कुणी लाटू नये म्हणून परवानगीशिवाय विकायची नाही, असं कलम 43 चं बंधन घातलं. त्या काळी ते हवंच होतं.

पण 2014 मध्ये या कलमात दुरुस्ती झाली. कुळाच्या खरेदीला 10 वर्षं उलटली असतील तर आधी परवानगी घ्यायची गरज नाही, जमिनीच्या आकाराच्या (म्हणजे सातबाऱ्यावरच्या शेतसाऱ्याच्या) 40 पट नजराणा सरकारला भरायचा. घेणारा शेतकरी हवा, त्याची एकूण जमीन कमाल मर्यादेत हवी आणि तुकडेबंदी (जमिनीचे फार लहान तुकडे पाडायला मनाई) मोडता कामा नये. (बिगरशेतीसाठी विकणार असाल तर हे सगळं वेगळं, तिथे वकील गाठा.)

आमच्या सातबाऱ्यावर आकार 3 रुपये 20 पैसे. चाळीसपट म्हणजे 128 रुपये! एवढ्यासाठी दोन वर्षं दादरहून मध्यरात्रीची तुतारी एक्स्प्रेस पकडत होतो. कारण एका एजंटानं 'परवानगी मिळावी' असा अर्ज लिहून दिला. परवानगीचा अर्ज म्हटला की फाईल निघाली फिरायला: मंडळ अधिकाऱ्याचा अहवाल, मग 'त्रुटी पूर्तता', मग साहेबांची बदली. दर खेपेला तेच उत्तर, फाईल वर गेलीय. वर म्हणजे कुठे, ते कुणी सांगेना.

प्रमाणपत्र शेवटी गणपतीच्या मखराच्या पेटीत सापडलं. घड्यांवर फाटलेलं, पण शिक्का आणि तारीख स्वच्छ. तुमच्याकडे नसेल तर सातबाऱ्यावरचा जुना फेरफार क्रमांक घ्या आणि तहसीलच्या अभिलेख कक्षात नकलेचा अर्ज टाका. सातबाऱ्यावर अजून आजोबाच असतील तर आधी वारस नोंद. विरार-डोंबिवलीचे सगळे चुलते एका दिवशी सहीला जमवणं हे सरकारी कामाहून अवघड असतं, तेव्हा मे महिन्यात किंवा गणपतीत उरका.

मग तहसीलदारांकडे नवा अर्ज करा. 'परवानगी' हा शब्द त्यात येऊ देऊ नका. 'कलम 43 च्या दुरुस्तीप्रमाणे चाळीसपट नजराणा भरून घ्यावा' एवढंच लिहा आणि आवक क्रमांकाची पोच घ्या.

तरीही हालचाल नसेल तर माहितीचा अधिकार. 'माझं काम का होत नाही' असं विचारू नका, त्याला उत्तर मिळत नाही. अर्ज कोणत्या टेबलावर किती दिवस होता, टिपणीची प्रत द्या, असं मागा. उत्तराला त्यांना 30 दिवस असतात. सोबत 2005 च्या दप्तर दिरंगाई कायद्याचं कलम 10 लिहा: एका कर्मचाऱ्याकडे फाईल 7 कामाच्या दिवसांहून जास्त राहता कामा नये. मी दोन्ही एकाच पानावर लिहिलं. तिसऱ्या आठवड्यात त्याच टेबलावरून फोन आला, "चलन तयार आहे, या."

चलन भरल्यावर तलाठ्याकडे (आता ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं, गावात अजून तलाठीच) फेरफार धरायला लावा आणि नवा सातबारा हातात आल्याशिवाय गिऱ्हाइकाकडून विसार घेऊ नका.